सह्याद्रीत अडकल्यावर शोधपथकाच्या नजरेस कसे पडावे: घरच्या तयारीपासून सुटकेपर्यंत

सह्याद्रीत वाट चुकलेल्या किंवा जखमी होऊन पडलेल्या माणसाला शोधायला येणारे लोक बहुतेक वेळा पायी येतात. लोणावळ्याची शिवदुर्ग मित्र, खोपोलीची यशवंती हायकर्स, महाबळेश्वर ट्रेकर्स यांसारख्या संस्थांचे स्वयंसेवक असतात आणि पुष्कळदा त्यांच्याही आधी पायथ्याच्या वाडीतली माणसे हातात टॉर्च घेऊन रानात शिरलेली असतात. हेलिकॉप्टर आपल्याकडे क्वचितच येते. त्यामुळे विमानातून दिसण्यासाठी काय करावे याबद्दलचे परदेशी सल्ले आपल्या डोंगरात जसेच्या तसे उपयोगी पडत नाहीत. आपल्याला शोधणारा माणूस कड्याच्या माथ्यावर, समोरच्या सोंडेवर किंवा ओढ्याच्या पात्रात उभा असतो, त्याच्या आणि आपल्यामध्ये कारवीचे रान असते, पावसाळ्यात धुके असते आणि बऱ्याचदा रात्र झालेली असते.

दिसण्याची साधने दोन प्रकारची असतात. शिट्टी, आरसा, टॉर्च ही साधने आपण वापरली तरच काम करतात. अंगावरच्या कपड्याचा रंग, हेल्मेटवर चिकटवलेली चमकती पट्टी, सॅकचे कव्हर या गोष्टी आपण बेशुद्ध असलो तरी काम करत राहतात. लोक पहिल्या प्रकारावर पैसे खर्च करतात आणि दुसऱ्याकडे दुर्लक्ष करतात. डोक्याला मार लागलेला, हात मोडलेला किंवा थंडीने बोटे बधिर झालेला माणूस शिट्टी वाजवू शकत नाही हे लक्षात घेतले, तर तयारीचा क्रम आपोआप ठरतो.

रंग ऋतूप्रमाणे निवडावा

अमुक एक रंग सगळीकडे दिसतो हा समज चुकीचा आहे. रंग दिसतो तो पाठीमागच्या रंगाशी असलेल्या फरकामुळे, आणि सह्याद्रीची पार्श्वभूमी वर्षातून तीन-चार वेळा बदलते. जून ते सप्टेंबर सगळे हिरवे असते, तेव्हा रस्त्यावरच्या कामगारांच्या जाकिटांचा पोपटी-पिवळा रंग लांबून गवतात मिसळतो; त्या दिवसांत भडक नारिंगी सर्वांत चांगला. सप्टेंबरच्या सुमारास पठारांवर सोनकी फुलते आणि पिवळ्या रंगाची उरलीसुरली उपयुक्तताही संपते. डिसेंबरनंतर गवत वाळून भुरे होते, तेव्हा फिका नारिंगी किंवा खाकीकडे झुकणारा कोणताही रंग हरवतो आणि गडद गुलाबी, म्हणजे ज्याला आपण राणी रंग म्हणतो तो, सर्वांत उठून दिसतो. निळा रंगही वाळलेल्या गवतावर छान दिसतो, परंतु वस्तीजवळ त्याचा भरवसा धरू नये, कारण पायथ्याच्या प्रत्येक वाडीत छपरावर आणि गवताच्या गंजीवर निळी ताडपत्री असतेच आणि शोधणाऱ्याची नजर तिच्यावरून घसरून पुढे जाते.

हाच धोका गडांवर नारिंगी रंगाच्या बाबतीत आहे. बुरुजावर, देवळावर, माचीच्या टोकावर भगवे झेंडे असतात, त्यामुळे तटाजवळ काठीला बांधलेले नारिंगी फडके कोणाला मदतीची हाक वाटत नाही. अशा ठिकाणी कापड उंच फडकवण्यापेक्षा जमिनीवर किंवा उतारावर पूर्ण पसरून ठेवावे, कारण झेंडा कधी जमिनीवर अंथरलेला नसतो.

फ्लुरोसंट रंग साध्या रंगापेक्षा तेजस्वी दिसतात, कारण ते डोळ्यांना न दिसणारे अतिनील किरण शोषून त्यांचे दिसणाऱ्या प्रकाशात रूपांतर करतात. ढगाळ दिवशी आणि तिन्हीसांजेला हा फरक जास्त जाणवतो. रात्री साध्या टॉर्चच्या उजेडात मात्र त्यांचा विशेष उपयोग नसतो, आणि उन्हात वर्षानुवर्षे वापरलेल्या जाकिटाची ही चमक निघून गेलेली असते, म्हणून जुने जाकीट नव्या कापडाशेजारी धरून पाहावे. लाल रंगाबद्दल एक सावधगिरी आवश्यक आहे. भर दिवसा माणसाचा डोळा सुमारे ५५५ नॅनोमीटरच्या पिवळट हिरव्या प्रकाशाला सर्वांत संवेदनशील असतो, अंधारात ही संवेदनशीलता सुमारे ५०७ नॅनोमीटरकडे, म्हणजे निळसर हिरव्याकडे सरकते. चेक शरीरशास्त्रज्ञ पुर्किन्ये यांनी एकोणिसाव्या शतकात हा बदल नोंदवला होता. त्याचा व्यावहारिक अर्थ असा की संध्याकाळ होऊ लागली की सर्वांत आधी लाल रंग काळा पडतो. दुपारी दोन वाजता झळकणारे लाल जाकीट सात वाजता कातळाच्या सावलीसारखे दिसते. शिवाय पुष्कळ पुरुषांना लाल आणि हिरव्यातला फरक नीट कळत नाही, आणि शोधपथकात तसा एखादा माणूस असू शकतो.

आपल्याकडे ट्रेकला लष्करी छपाईच्या पँट आणि काळे टीशर्ट घालून जाण्याची हौस आहे. ती छपाई मुळात माणूस दिसू नये म्हणूनच केलेली असते आणि ती आपले काम चोख करते. काळा रंग बेसॉल्टच्या कातळात मिसळून जातो. गटाच्या टीशर्टवर हवी ती अक्षरे छापावीत, पण कापड नारिंगी किंवा गुलाबी घ्यावे, एवढे आयोजकांना सांगणे फार अवघड नाही.

सर्वांत महत्त्वाचा नियम म्हणजे रंग सर्वांत बाहेरच्या थरावर असला पाहिजे. आत भडक जाकीट घालून त्यावर काळा रेनकोट किंवा करडा पोंचो चढवला, की सगळी तयारी झाकली जाते, आणि आपल्या डोंगरात पावसाळी ट्रेकला दिवसभर पोंचो अंगावरच असतो. म्हणून नवीन काही एकच वस्तू घ्यायची असेल तर भडक नारिंगी पोंचो घ्यावा. दुसरी वस्तू म्हणजे तशाच रंगाचे सॅकचे रेनकव्हर, कारण पालथा पडलेला माणूस वरून पाहणाऱ्याला सॅकच्या रूपानेच दिसतो. तिसरी वस्तू म्हणजे पांढरे, पिवळे किंवा नारिंगी हेल्मेट.

रिफ्लेक्टिव्ह टेप कशी लावावी

रात्रीच्या शोधात याच्याइतकी स्वस्त आणि भरवशाची दुसरी वस्तू नाही. या टेपमध्ये काचेचे बारीक मणी किंवा सूक्ष्म लोलक असतात आणि ते पडलेला प्रकाश इकडेतिकडे न उधळता जिथून आला तिकडेच परत पाठवतात. शोधणाऱ्याचा हेडटॉर्च त्याच्या डोळ्यांच्या अगदी वर असल्यामुळे परतलेला प्रकाश थेट त्याच्या डोळ्यांत जातो. मोटारीच्या सुट्या भागांच्या दुकानात ट्रकला लावायची टेप मिळते, ती हेल्मेटला चालते. कापडासाठी शिवून टाकायची कापडी पट्टी घ्यावी, कारण चिकटवलेली टेप पावसात दोन ट्रेकमध्ये निघून येते.

हेल्मेटवर लावताना प्रथम तो भाग साबणाने धुऊन पूर्ण वाळवावा आणि कापसावर स्पिरिट घेऊन पुसावा, कारण हाताच्या तेलामुळे टेप सुटते. दोन-तीन सेंटिमीटर रुंद आणि बोटभर लांब तुकडे कापावेत आणि त्यांचे कोपरे कात्रीने गोल करावेत, नाहीतर टोकदार कोपरा सॅकमध्ये घासून उचलला जातो. एक तुकडा पुढे, एक मागे, दोन्ही बाजूंना एकेक आणि एक माथ्यावर असे पाच तुकडे लावावेत. माथ्यावरचा तुकडा कड्यावरून खाली पाहणाऱ्यासाठी असतो आणि नेमका तोच लोक विसरतात. दुमडणाऱ्या किंवा खोलगट भागावर टेप लावू नये. लावल्यावर अंगठ्याने मधून कडेकडे दाबत हवा काढावी आणि एक दिवस पाण्यापासून लांब ठेवावे. हेल्मेट बनवणाऱ्या कंपनीने चिकटपदार्थ वापरू नये असे सांगितले असेल तर टेप न लावता चमकती इलॅस्टिकची पट्टी हेल्मेटभोवती ओढून बसवावी. सॅकवर दोन्ही खांद्यांच्या पट्ट्यांना पुढून आणि सॅकच्या पाठीला मागून एकेक पट्टी शिवावी. रोपच्या, म्हणजे चढाईच्या दोराच्या, पिशवीला, प्रथमोपचाराच्या पाकिटाला, तंबूच्या दोऱ्यांना आणि पाण्याच्या बाटलीलाही एकेक तुकडा असावा, कारण घरंगळलेली बाटली सापडली की शोधाचा परिसर एकदम लहान होतो.

तपासणी सोपी आहे. रात्री सोसायटीच्या गच्चीवर किंवा मोकळ्या मैदानात सगळे सामान अस्ताव्यस्त टाकावे, हेडटॉर्च कपाळावर बांधून पन्नास पावले लांब जावे आणि चारही बाजूंनी पाहावे. टॉर्च कमरेजवळ धरून पाहिल्यास चमक बरीच कमी दिसेल, आणि त्यावरून टेप कशी काम करते हेही लक्षात येईल. दिवसाची तपासणी ट्रेकच्या वाटेवरच करावी: एकाने झुडपाजवळ बसावे, दुसऱ्याने शंभर पावलांवरून मोबाइलने फोटो काढावा आणि तो फोटो कृष्णधवल करून पाहावा. रंग काढल्यावरही माणूस वेगळा दिसत असेल तर कपड्यांची निवड योग्य आहे.

अंगावर काय ठेवावे

सॅक दरीत जाऊ शकते, म्हणून पुढील वस्तू सॅकमध्ये न ठेवता खिशात किंवा गळ्यात असाव्यात: गोळी नसलेली प्लास्टिकची शिट्टी, लहान हेडटॉर्च, तळहाताएवढा आरसा आणि चालू मोबाइल. शिट्टीतली गोळी ओली झाली किंवा चिखलाने अडकली की आवाज बंद होतो, म्हणून गोळी नसलेलीच घ्यावी. पुष्कळ सॅकच्या छातीच्या बकलला शिट्टी असते, पण ती क्षीण वाजते आणि सॅकबरोबर जाते. सॅकमध्ये एक मीटर रुंद आणि दीड-दोन मीटर लांब असे भडक रंगाचे पातळ नायलॉनचे कापड, रासायनिक प्रकाश देणाऱ्या एक-दोन कांड्या, जाड मार्कर आणि चमकती फॉइलची चादर ठेवावी. कापडासाठी खास खरेदीची गरज नाही, राणी रंगाची जुनी सिंथेटिक ओढणी उत्तम चालते आणि तिच्या पट्ट्या फाडून वाटेवर खुणाही बांधता येतात.

निघण्यापूर्वीची दहा मिनिटे

पायथ्याला गाडी लावल्यावर सर्वांचा एक फोटो काढावा, ज्यात प्रत्येकाचे कपडे, पोंचो आणि सॅक स्पष्ट दिसतील. दुसरा फोटो बुटांच्या तळव्यांचा काढावा. चिखलात उमटलेला ठसा आपल्याच माणसाचा आहे का, हे त्या फोटोवरून पथकाला लगेच कळते. दोन्ही फोटो, कोणत्या वाटेने चढणार, कोणत्या वाटेने उतरणार आणि किती वाजेपर्यंत फोन न आल्यास काळजी करावी, हे सगळे घरी राहणाऱ्या एका जबाबदार व्यक्तीला रेंज असतानाच पाठवावे. जिथे चहा घेतला किंवा जेवण सांगितले त्या घरातही परतीची वेळ सांगावी. शहरातल्या नातेवाइकांना चिंता वाटू लागण्याच्या कितीतरी आधी "पोरं अजून उतरली नाहीत" हे त्या घरातल्या मावशींच्या ध्यानात आलेले असते.

अडकल्यानंतर काय करावे

सर्वप्रथम थांबावे. ढोरवाटेने पुढे जात राहणे आणि "ओढा कुठेतरी गावात उतरेलच" म्हणून पात्रातून उतरणे या दोन गोष्टींमुळे साधी चुकामूक मोठ्या अपघातात बदलते, कारण सह्याद्रीतले ओढे उभ्या कातळटप्प्यांवरून खाली पडतात. त्यातून तुम्ही जितके सरकाल तितका पथकाला शोधायचा परिसर वाढतो.

थांबल्यावर मोबाइलवरून ११२ ला फोन लावावा. आपल्या कंपनीची रेंज नसली तरी दुसऱ्या कंपनीचे नेटवर्क उपलब्ध असेल तर आपत्कालीन फोन त्यावरून जाऊ शकतो. डोंगरातील बचावकार्यासाठी महाराष्ट्र माउंटेनियर्स रेस्क्यू कोऑर्डिनेशन सेंटर ही गिर्यारोहकांची समन्वय यंत्रणा आहे. तिचा मदत क्रमांक घरातूनच मोबाइलमध्ये साठवून निघावे. बोलण्याइतकी रेंज नसेल तर एसएमएस पाठवावा, कारण क्षणभर मिळालेल्या रेंजवरही तो जाऊ शकतो. मोबाइलमधले जीपीएस रेंजशिवाय चालते. नकाशावरच्या निळ्या ठिपक्यावर बोट दाबून धरले की अक्षांश-रेखांश दिसतात. दशांशानंतरचे चार आकडे दिले तरी अक्षांशात सुमारे ११ मीटरपर्यंतची जागा कळते, फक्त खोल नाळेत दोन्ही बाजूंच्या कड्यांमुळे आकडा चुकू शकतो, म्हणून दोन-तीन मिनिटे थांबून पुन्हा पाहावे. महाराष्ट्रातील सह्याद्रीत पहिला आकडा साधारण १५ ते २१ आणि दुसरा ७३ किंवा ७४ च्या घरात असतो, तसा नसेल तर काहीतरी उलटसुलट लिहिले गेले आहे. संदेशाचा नमुना असा: "नळीची वाट, बेलपाड्याहून चढताना. तिघे आहोत. एकाचा पाय मोडला, चालता येत नाही. नारिंगी पोंचो. जागेवरच थांबतो. मोबाइल ४० टक्के. दर तासाला पाच मिनिटे चालू ठेवू." यात अक्षांश-रेखांश जोडावेत, आणि मग सांगितल्याप्रमाणे मोबाइल खरोखरच चालू-बंद करावा.

त्यानंतर जागा निवडावी. जखमी माणसाला हलवण्याजोगे असेल आणि काही पावलांवर मोकळी जागा असेल तर दाट झाडीतून तिकडे सरकावे. पावसाळ्यात ओढ्याचे पात्र आणि घसाऱ्याची जागा टाळावी, विजा चमकत असतील तर धारेवर किंवा एकट्या झाडाखाली बसू नये. गुहेत किंवा कपारीत आसरा मिळाला तर जरूर घ्यावा, मात्र खूण बाहेर ठेवावी. उबदार कपारीत झोपी गेलेल्या माणसाच्या डोक्यावरून पथक निघून जाऊ शकते. कापड बाहेर उतारावर पसरून कोपऱ्यांवर दगड ठेवावेत, सॅक तोंडाशी ठेवावी, आणि गडांवर वानरांचा उपद्रव असल्यामुळे दोन्ही वस्तू बांधून ठेवाव्यात. जवळून जाणाऱ्या वाटेवर चेहऱ्याच्या उंचीवर एक पट्टी बांधावी आणि आपल्या दिशेला दगडांचा बाण करावा. बाणाशेजारी प्लास्टिकच्या पिशवीत तारीख, वेळ, नावे आणि "इथून उजवीकडे साठ पावले" असा मजकूर लिहिलेली चिठ्ठी ठेवावी. निसर्गात सरळ रेषा आणि काटकोन फारसे नसतात, त्यामुळे खुणा करताना सामान गोलाकार पसरण्यापेक्षा रेषेत मांडावे.

धुक्यात आणि पावसात: आवाज

जुलैच्या धुक्यात दहा पावलांपलीकडचे दिसत नाही, तेव्हा रंग, आरसा आणि टॉर्च तिन्ही निरुपयोगी ठरतात आणि शिट्टीच कामाला येते. आंतरराष्ट्रीय पद्धत अशी आहे: एका मिनिटात सहा वेळा, म्हणजे दर दहा सेकंदांनी एकदा दीर्घ शिट्टी द्यावी, मग एक मिनिट पूर्ण शांत राहावे, आणि हेच पुन्हा करावे. ऐकणारा माणूस मिनिटाला तीन शिट्ट्यांनी उत्तर देतो. ब्रिटिश शल्यविशारद आणि गिर्यारोहक क्लिंटन डेंट यांनी १८९४ मध्ये आल्प्ससाठी सुचवलेली ही पद्धत जगभर पसरली आहे. अमेरिकेत मात्र तीनचा संकेत म्हणजे मदतीची हाक समजली जाते. आकडा चुकला तरी ठरावीक लय चुकवू नये, कारण शनिवार-रविवारी गडावर हौशी मंडळी मनाला येईल तशी शिट्ट्या फुंकत असतात आणि त्या गोंगाटातून वेगळी ठरते ती फक्त लय. गंमत म्हणून शिट्टी वाजवणाऱ्या आपल्याच सोबत्याला तिथल्या तिथे थांबवावे.

मधल्या मिनिटाची शांतता शिट्टीइतकीच महत्त्वाची आहे. पथकही ठरावीक वेळाने थांबून कान देते. धबधब्याजवळ बसला असाल आणि सुरक्षितपणे वळणाआड सरकता येत असेल तर सरकावे, कारण पाण्याचा आवाज सगळे गिळून टाकतो. ओरडण्याने घसा लवकर बसतो. तरीही गुराख्यांसारखी लांबलचक "कूऽऽ" ही हाक वाडीतल्या कानांना लगेच ओळखू येते, म्हणून शिट्टी नसेल तर शब्द न ओरडता हीच हाक द्यावी. हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्यासारख्या अर्धवर्तुळाकार कड्याखाली आवाज घुमतो आणि दिशा कळत नाही. अशा ठिकाणी पथकाचे उत्तर मिळाले की शिट्टी थांबवू नये, ते अगदी जवळ येईपर्यंत चालू ठेवावी.

रात्री: उजेड

हेडटॉर्च रात्रभर चालू ठेवण्याची चूक करू नये. समोरच्या डोंगरावर किंवा खाली दरीत हलते दिवे दिसले, आवाज आला, किंवा ठरवलेली वेळ झाली की सहाच्या लयीत उघडझाप करावी आणि मग बंद करावा. सतत जळणारा दिवा लांबून वाडीतला बल्ब किंवा तंबूतला दिवा वाटतो. एकाहून अधिक टॉर्च असतील तर एकच वापरावा. मोबाइलचा टॉर्च शेवटचा पर्याय समजावा, कारण मोबाइलची बॅटरी बोलण्यासाठी हवी असते. सॅकमध्ये बटण दाबले जाऊन हेडटॉर्च आपोआप चालू राहतो, त्यामुळे लॉक नसेल तर एक सेल उलटा घालून ठेवावा.

रासायनिक कांडी वाकवून पेटवली की आठ-दहा तास मंद प्रकाश देते. ती एक मीटर दोरीला बांधून डोक्याच्या बाजूला गोल फिरवली तर दोन मीटर व्यासाचे प्रकाशाचे चक्र दिसते आणि ते कोणत्याही दिव्यापेक्षा वेगळे ओळखू येते. बेशुद्ध किंवा थकलेल्या माणसाच्या छातीवर हीच कांडी नुसती बांधून ठेवावी. पाण्याच्या अर्धपारदर्शक पांढऱ्या बाटलीला हेडटॉर्च उलटा, म्हणजे उजेड बाटलीच्या आत पडेल असा, बांधला तर झोत सगळीकडे पसरतो आणि बाटलीचा कंदील होतो. समोरचा माणूस कोणत्या दिशेने येईल हे माहीत नसताना हा उपाय चांगला. धुक्यात वाट पाहण्यासाठी टॉर्च कपाळावर न लावता कमरेजवळ धरावा, नाहीतर धुक्यावरून परतलेल्या उजेडाने आपलेच डोळे दिपतात.

स्वच्छ उन्हात: आरसा

ऑक्टोबर ते मे या काळात आरशाची झळक कित्येक किलोमीटरवरून दिसते, पण नेम धरता आला पाहिजे. आरसा एका हाताने गालाजवळ, डोळ्याच्या अगदी खाली धरावा. दुसरा हात समोर ताठ करून दोन बोटे फाकवावीत आणि ज्या माणसाला किंवा गाडीला इशारा द्यायचा ते त्या दोन बोटांच्या फटीत आणावे. मग आरसा हळूहळू कलता करत उन्हाचा कवडसा बोटांवर पाडावा. कवडसा दोन्ही बोटांवर सारखा पडला की तो फटीतून थेट लक्ष्याकडे जात असतो. आता आरसा अगदी किंचित वर-खाली हलवला की पलीकडे उघडझाप दिसते. सूर्य आणि लक्ष्य एकाच बाजूला असतील तर हे सहज जमते, सूर्य पाठीमागे असेल तर अवघड जाते. कोणी दिसत नसेल तरी समोरची सोंड आणि रस्त्याची वळणे यांवरून दर काही मिनिटांनी कवडसा फिरवत राहावे. मोबाइलचा बंद काळा पडदाही आरशासारखा वापरता येतो, फक्त झळक फिकी असते. घराच्या गॅलरीतून समोरच्या भिंतीवर पाच मिनिटे सराव केला तर हात बसतो. शेजाऱ्यांच्या खिडक्या तेवढ्या वगळाव्यात.

ड्रोन आणि हेलिकॉप्टर

बचावकार्यात आता ड्रोन वापरले जातात आणि काहींवर उष्णता टिपणारा कॅमेरा असतो. फॉइलची चादर अंगाची उष्णता आतच राखते आणि नेमक्या त्याच कारणाने अशा कॅमेऱ्याला तिच्यात गुंडाळलेला माणूस जवळजवळ दिसत नाही. थंडीसाठी चादर आवश्यक आहे, ती टाकून देऊ नये. ड्रोनची घरघर ऐकू आली की तेवढ्यापुरता चेहरा आणि हात उघडे करावेत आणि झाडाच्या फांद्यांखालून बाहेर यावे. दिवसभर तापलेला कातळ रात्री उशिरापर्यंत गरम राहतो, त्यामुळे कातळावर बसलेला माणूस पहाटेच्या सुमारास जास्त स्पष्ट दिसतो.

हेलिकॉप्टर आलेच तर दोन्ही हात तिरके वर करून उभे राहावे. शरीराचा हा इंग्रजी वाय अक्षरासारखा आकार "होय, मदत हवी" असे सांगतो. एक हात वर आणि एक खाली याचा अर्थ "नको" असा होतो, म्हणून एका हाताने टाटा करू नये. जमिनीवर खूण करायची असल्यास इंग्रजी व्ही म्हणजे मदत हवी आणि फुली म्हणजे वैद्यकीय मदत हवी. प्रत्येक खूण किमान अडीच मीटरची असावी. यंत्र खाली उतरू लागले की पसरलेली कापडे आणि फॉइल लगेच गोळा करून त्यावर बसावे, आरसा आणि टॉर्च वैमानिकाच्या दिशेने धरणे बंद करावे.

जे करू नये

धुराची खूण हा उपाय सह्याद्रीत मी कोणालाही सुचवणार नाही. कड्यांवर आग्या मोहोळे असतात आणि धुराने उठलेल्या माश्या अडकलेल्या माणसाचा आणि वर येणाऱ्या पथकाचा जीव घेऊ शकतात. डिसेंबर ते मे वाळलेल्या गवतात वणवा पेटायला एक ठिणगी पुरते, आणि कळसूबाई-हरिश्चंद्रगड किंवा भीमाशंकरसारख्या अभयारण्यात आग लावणे हा गुन्हाही आहे.

परदेशातून येणाऱ्या मराठी गिर्यारोहकांनी आपले उपग्रह-संदेशाचे यंत्र किंवा सॅटेलाइट फोन सवयीने बरोबर आणू नये. भारतात परवान्याशिवाय ते बाळगणे बेकायदा आहे; डिसेंबर २०२४ मध्ये गोव्याच्या विमानतळावर गार्मिनचे असे यंत्र जवळ असलेल्या एका परदेशी पर्यटक महिलेवर कारवाई झाली होती. समुद्रावर जाणाऱ्या मच्छीमारांची गोष्ट वेगळी आहे. त्यांच्यासाठी इस्रोने तयार केलेले संकटसूचक यंत्र अधिकृतपणे मिळते आणि तटरक्षक दलाचा १५५४ हा क्रमांक आहे. पाण्यात माणसाचे फक्त डोके दिसते, म्हणून नारिंगी लाइफजॅकेट, त्याच्या खांद्यांवर चमकती पट्टी आणि बांधलेली शिट्टी यांशिवाय होडीत बसू नये.

पथक जवळ आल्यावर

उजेड किंवा आवाज जवळ आला की त्या दिशेने धावत जाऊ नये. रात्रीच्या अंधारात शेवटच्या पन्नास पावलांत कडा असू शकतो, आणि तो आपल्याला दिसत नसला तरी आपण पाहून ठेवलेला असतो. म्हणून "थांबा, मध्ये दरी आहे" हे ओरडून सांगणे हे आपले काम आहे. शक्य असेल तर उजेड असतानाच त्या कड्याच्या काठाच्या बरेच अलीकडे चमकती पट्टी किंवा प्रकाशाची कांडी बांधून ठेवावी. जखमीच्या डोक्याशी एक आणि पायाशी एक असा उजेड ठेवला तर वरून रोप सोडणाऱ्यांना जागा आणि दिशा दोन्ही कळतात. सुटे दगड असतील तिथे उतरणाऱ्यांच्या थेट खाली बसू नये.

आणि स्वतःच वाट सापडून खाली उतरलात, तर पहिल्या रेंजला ११२ वर आणि घरी तसे कळवावे, पायथ्याच्या वाडीतही सांगावे. वाटेवर बांधलेल्या पट्ट्या आणि चिठ्ठी उतरतानाच सोडवून आणाव्यात; ते जमले नाही तर त्या नेमक्या कुठे आहेत हे पथकाला सांगावे, म्हणजे पुढच्या आठवड्यात दुसऱ्याच कोणाच्या शोधात निघालेली माणसे तुमच्या जुन्या बाणामागे जाणार नाहीत.